कडब्याची खोली

शेतकऱ्याचे घर एका रात्रीत सुटत नाही, ते पायरीपायरीने सुटते. आधी पिणाऱ्याची वाकळ माजघरातून ओसरीवर येते, कारण त्या वासाने नि बडबडीने लेकरे उठतात. ओसरीवरून ती गोठ्यात जाते, गोठ्यातून मळ्यातल्या खोपीत. मग कधी पारावर, कधी देवळात, कधी एस. टी. स्टँडच्या बाकावर. आणि एके दिवशी समोर उभ्या असलेल्या गाडीत तो माणूस चढतो आणि मोठ्या शहरात उतरतो. गावात कोणी चौकशी केली तर लोक सांगतात, "तो आता पुण्याला असतो." पुण्यात कुठे, हे कोणी विचारत नाही.

माझा थोरला भाऊ असा तीन वर्षे "पुण्याला" होता. आज त्याने दारूला हात लावला नाही त्याला आठ वर्षे उलटून गेली. दारू सुटलेल्या माणसांच्या गोष्टी आपण कीर्तनात आणि सभेत पुष्कळ ऐकतो. त्यात माळ घातली, शपथ घेतली आणि सुटली, असे असते. शपथेला मी नावे ठेवत नाही. पण ज्याला पाठ टेकायलाच जागा उरलेली नाही, त्याची दारू कशी सुटते, हे त्या गोष्टींत येत नाही. ते मी जवळून पाहिले. म्हणून अण्णाला आणि वहिनींना विचारून हे लिहीत आहे. नावे कोणाचीच घातलेली नाहीत. वाचकांना आपापल्या गावात ती सापडतील.

बियाण्याचा डबा

माझे माहेर माण तालुक्यातले. साडेचार एकर जिराईत आणि पौषात तळ दाखवणारी एक विहीर. पाऊस झाला तर शाळू, नाही झाला तर कोणाच्या तरी बांधावर मजुरी. अण्णा कामाला वाघ होता. त्याचे पिणे सुरू झाले ते चारचौघांसारखेच. आधी बाजाराच्या दिवशी, मग लग्नात, यात्रेत, आणि मग बाजार नि यात्रा नसतानाही.

२०१२-१३ च्या दुष्काळात तालुक्यात जागोजाग चारा छावण्या पडल्या. जनावरे छावणीत, माणूस जनावरांजवळ, आणि हाताला काम नाही. जनावरांपुढे ऊस नि पेंड पडत होती. रिकाम्या माणसापुढे संध्याकाळी काय पडायचे, ते सांगायला नको. छावणीतून परत येताना एक बैल कमी झाला होता. मग दुसरा गेला, मग गाडी.

२०१३ साली पाऊस पडला. दोन वर्षांनी रान भिजले. वहिनींनी दुष्काळातही उपाशी राहून एक पत्र्याचा डबा जपला होता. त्यात मालदांडी शाळूचे बी राखेत घोळवून ठेवलेले. भाद्रपदात पेरणीसाठी त्यांनी डबा काढला तर तो हलका लागला. आत नुसती राख. अण्णाने बी विकले होते.

त्या रात्री वहिनींनी दाराला आतून कडी घातली. अण्णाने दार वाजवले, शिव्या दिल्या, मग रडला. कडी निघाली नाही. लोक वहिनींना बोलले, पण मी त्यांना कधी दोष दिला नाही. घरात दोन लेकरे होती, आणि ज्या घरात बियाणे टिकत नाही त्या घरात लेकरे कशी टिकणार?

त्याआधी उपाय केले नव्हते असे नाही. एका बाजारात "दारू सोडवणारी" पुडी मिळते असे कळले म्हणून भावकीतल्या एकाने ती आणून गुपचूप चहात घातली. पुडीवर ना नाव ना गाव. त्या संध्याकाळी अण्णा प्याला आणि त्याचे तोंड लालभडक झाले, छाती धडधडू लागली, वांत्या थांबेनात. देवाच्या दयेने वाचला. पुढे डॉक्टरांनी आम्हांला समजावले. डायसल्फिराम नावाची एक खरी गोळी असते. ती घेतल्यावर दारू प्यायली तर असाच त्रास होतो, कधी रक्तदाब एकदम खाली जाऊन जीवही जातो. म्हणून ती डॉक्टरांच्या देखरेखीखाली, आणि घेणाऱ्याला सांगून, त्याच्या राजीखुशीनेच द्यायची असते. चोरून कधीच नाही. माझ्या बहिणींनो, कोणी कितीही भरवसा दिला तरी अशी पुडी घरात आणू नका.

फूटपाथवर दारू म्हणजे वाकळ

२८ फेब्रुवारी २०११ च्या रात्री जनगणनेच्या लोकांनी देशभर उघड्यावर निजणारी माणसे मोजली होती. ती सुमारे १७ लाख ७० हजार भरली. एकट्या महाराष्ट्रात दोन लाखांच्या वर. त्या मोजणीत अण्णा नव्हता. दोन वर्षांनी तो त्यांच्यात जाऊन मिळाला.

गुलटेकडीच्या मार्केट यार्डात पोती उचलायची आणि रात्री बंद दुकानांच्या पायऱ्यांवर निजायचे, असा त्याचा क्रम होता. पोटाची आबाळ तशी झाली नाही. पुण्यात हमाल पंचायतीने १९७४ पासून "कष्टाची भाकर" केंद्रे चालवली आहेत. तिथे कष्टकऱ्याला स्वस्तात भाकरी-भाजी मिळते. आबाळ झाली ती झोपेची. पिशवी उशाला घेतली तर पहाटेपर्यंत जाते, म्हणून तो पोटाखाली घेऊन निजायचा. तरीही एका रात्री ती गेली. त्यात आधार कार्ड, मतदानाचे कार्ड आणि बँकेचे पुस्तक होते. कागद गेले आणि अण्णा कोणीच राहिला नाही. खोली भाड्याने मागावी तर कागद हवेत, बँकेत पैसे ठेवावेत तर कागद हवेत. मग मजुरी खिशातच राहायची, आणि खिशातली मजुरी रात्री एक तर चोर नेई नाही तर गुत्तेवाला.

त्याने पुढे मला एक गोष्ट सांगितली, ती मी विसरू शकत नाही. तो म्हणाला, "ताई, घरात पिणारा मजेपायी पीत आसंल. रस्त्यावर तसं न्हाई. तिथं थंडी वाजती, डास फोडून खात्यात, कोण कवा लाथ घालून उठवंल सांगता येत न्हाई. प्यायल्याबिगर झोपच लागत न्हाई. दारू म्हंजी आमची वाकळ हुती."

सकाळी मात्र ही वाकळ अंगावरून निघायची नाही. हात इतके कापायचे की हमालीचा आकडा पोत्यात रुतवता येईना. घोटभर पोटात गेली की हात थांबायचे. मग पोते, मग मजुरी, आणि मजुरीची पुन्हा दारू.

त्याने ती सोडायचा प्रयत्न केला नाही असे समजू नका. तीनदा एकट्याने केला. तिसऱ्यांदा, २०१५ च्या पावसाळ्यात, त्याने दोन दिवस थेंब घेतला नाही. दुसऱ्या रात्री त्याला झटका आला. हातपाय ताठ, तोंडाला फेस. येणारेजाणारे म्हणाले, "बेवडा आहे, पडू दे." कोणी तोंडावर पाणी मारले, कोणी नाकाला चप्पल लावली. खरी गोष्ट उलटी होती. तो प्याल्याने पडला नव्हता, न प्याल्याने पडला होता.

हे आपल्या घराघरांत ठाऊक असायला हवे. वर्षानुवर्षे रोज भरपूर पिणाऱ्याने एकदम बंद केले तर काही तासांतच थरथर, घाम, मळमळ आणि बेचैनी सुरू होते. पहिल्या दोन दिवसांत फिट येऊ शकते. दुसऱ्या ते चौथ्या दिवसात काही जणांना भ्रम होतो, नसलेली माणसे नि किडे दिसतात, ताप चढतो. यात माणूस दगावतो. डॉक्टर यावर औषध देऊन हे चार दिवस निभावून नेऊ शकतात. सोबत बी-१ जीवनसत्त्व, म्हणजे थायमिन, द्यावे लागते, कारण दारूने ते शरीरातून संपलेले असते आणि त्याच्या अभावी मेंदूला कायमची इजा होते. मार्च २०२० मध्ये टाळेबंदीत दारूची दुकाने अचानक बंद झाली तेव्हा अनेक ठिकाणी अशा रोग्यांनी दवाखाने गाठले. म्हणून "खोलीत कोंडून ठेवा, चार दिवसांत उतरेल" असे म्हणणाऱ्यांचे ऐकू नये.

अण्णाच्या सोबतच्या एका हमालाने त्याला हातगाडीवर घालून सरकारी दवाखान्यात नेले. शुद्धीवर आल्यावर त्याला आमच्या यजमानांचा फोन नंबर तेवढा तोंडपाठ होता. तो त्या हमालाने लावला.

तीन दारांवर एकच अट

दवाखान्यातून अण्णा एका व्यसनमुक्ती केंद्रात महिनाभर राहिला. तिथे त्याला दोन वेळचे जेवण, औषध, व्यायाम आणि आपल्यासारखीच माणसे मिळाली. अंगावर मांस चढले. महिना संपला आणि तिथल्या बाईंनी विचारले, "आता कुठे जाणार?"

हा प्रश्न साधा वाटतो, पण सगळे त्यावरच अडले होते. झटका येण्याआधी तो एकदा एका निवाऱ्याच्या दारात गेला होता. तिथे सांगितले, पिऊन आलेल्याला आत घेता येत नाही. दुसऱ्या एका केंद्रात गेला होता. तिथे सांगितले, घरचे माणूस घेऊन या. घरी निरोप धाडला होता. वहिनींनी सांगितले, सोडून या. दारे तीन, पण तिन्हींवर अट एकच. आधी सुधार, मग आत ये.

मी कोणालाही दोष देत नाही. निवाऱ्यात इतर माणसे निजलेली असतात. केंद्राला रोगी कोणाच्या तरी हाती सोपवायचा असतो. वहिनींच्या पदराला दोन लेकरे होती. तिघांचेही म्हणणे आपापल्या जागी बरोबर. पण ज्याला पाय ठेवायला जागा नाही त्याने सुधारायचे कुठे उभे राहून, याचे उत्तर तिघांपैकी कोणाकडेच नव्हते.

आम्ही त्याला आमच्याकडे ये म्हणालो. तो नाही म्हणाला. "बहिणीच्या दारात बसून खायाचं न्हाई. मी आता बरा हाय. यार्डात काम करून खोली घेतो आन् मग गावाला जातो." तो गेला. कागद नव्हते, खोली मिळाली नाही. पुन्हा तीच पायरी, तेच डास आणि शेजारी तीच बाटली. अकराव्या दिवशी तो प्याला. महिनाभराच्या औषधाला फूटपाथने अकरा दिवसांत गिळले.

आत्याबाईंचा प्रश्न

नोव्हेंबर २०१६ मध्ये मोठ्या नोटा बंद झाल्या आणि यार्डातली रोजची मजुरी पार आटली. अण्णा उपाशी पडू लागला. त्याच हमालाचा पुन्हा फोन आला. यजमान पुण्याला गेले. पुन्हा दवाखाना, पुन्हा केंद्र. घरात मात्र वाद पेटला. आमचे घर फलटण तालुक्यात, नीरा उजव्या कालव्याच्या पाण्यावर ऊस करणारे. चार माणसांत वावरणारे घर. दीर म्हणाले, "पाव्हण्याचा दारुडा आपल्या दारात नको. आधी वर्षभर सोडून दाखवू दे, मग बघू."

माझ्या सासूबाई, आम्ही त्यांना आत्याबाई म्हणतो, चुलीपुढे भाकरी थापत होत्या. त्या शाळेची पायरी चढलेल्या नाहीत. तव्यावरची भाकरी उलटून त्या म्हणाल्या, "सोडल्यावर घेऊ म्हणतायसा समदी. आन् सोडायला त्येनं बसायचं कुठं? रस्त्यावर?"

कोणी बोलले नाही. त्याच पुढे म्हणाल्या, "घरात नगं. घरात नाती हायत्या. कडब्याची खोली मोकळी करा."

आत्याबाई जे बोलल्या तेच शिकलेल्या जगात बऱ्याच खटपटीने पुढे आले आहे. १९९२ मध्ये न्यूयॉर्क शहरात सॅम त्सेम्बेरिस नावाच्या मानसशास्त्रज्ञाने रस्त्यावरच्या आजारी नि व्यसनी माणसांना आधी खोली द्यायची आणि उपचार मागाहून जोडायचे, अशी रीत सुरू केली. फिनलंड देशाने २००८ पासून ते सरकारी धोरणच केले. अशी खोली मिळालेली माणसे बहुतांशी तिथे टिकून राहतात, असे अभ्यासांत दिसले. नुसत्या खोलीने दारू सुटते, असे मात्र कोणी म्हणत नाही. आत्याबाईही म्हणाल्या नव्हत्या.

आपल्याकडेही काही हालचाल झाली आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१० मधल्या आदेशांनी मोठ्या शहरांना दर एक लाख वस्तीमागे एक निवारा, तोही बाराही महिने नि चोवीस तास उघडा, असा दंडक घालून दिला. २०१३ पासून केंद्राच्या नागरी उपजीविका अभियानातून अशा निवाऱ्यांना पैसा मिळू लागला. आपले कोणी शहरात उघड्यावर असेल तर तिथल्या नगरपालिकेत या निवाऱ्याची चौकशी जरूर करावी.

खोली आणि तिचे नियम

कडबा बाहेर काढून गंज रचली. दहा फूट लांब, आठ फूट रुंद खोली. भिंती विटांच्या, वर पत्रा. आत एक बाज, घागर, कंदील आणि खुंटी. यजमानांनी बाजारातून नवे कुलूप आणले आणि किल्ली अण्णाच्या हातात दिली. तीन वर्षांत त्याच्याकडे कुलूप लावण्याजोगे काही नव्हते. पहिल्या रात्री तो दोनदा उठून कडी तपासत होता. तिसऱ्या रात्री मात्र दिवस कासराभर वर येईपर्यंत निजला.

खोलीबरोबर नियमही दिले. ते आम्ही डॉक्टरांना आणि केंद्रातल्या बाईंना विचारून ठरवले होते. कोणाच्या उपयोगी पडतील म्हणून देते.

मजुरी पुरी, पण रोख नाही. गावातल्या गड्याला जो दर तोच अण्णाला. वहीत मांडायची, शनिवारी बेरीज करून त्याची सही घ्यायची. फुकटचे जेवण त्याला नको होते, आणि खिशातली नोट आम्हांला नको होती. त्याने दोन्ही भागले.

दिवेलागणीला एकटे राहायचे नाही. केंद्रात त्याला शिकवले होते की भूक, राग, एकटेपणा आणि थकवा या चौघांपासून जपावे, कारण तल्लफ त्यांच्या पाठीमागून येते. शेतकऱ्याला हे चौघे दिवेलागणीला एकदमच गाठतात. म्हणून त्या वेळी धारा काढायचे काम त्याच्याकडे दिले. दूध घालायला मात्र गुत्त्यावरच्या वाटेने जायचे नाही, कालव्याच्या कडेने लांबून जायचे. खिशात गुळाचा खडा असे. तल्लफ आली की तो तोंडात टाकायचा आणि तांब्याभर पाणी प्यायचा. ती लाट बहुधा अर्ध्या तासात ओसरते. रात्रीच्या पाण्याच्या पाळ्याही त्याने मागून घेतल्या. म्हणायचा, दारे धरताना डोके मोकळे राहते.

आठवड्यातून एकदा सभा. अल्कोहोलिक्स ॲनॉनिमस ही संघटना अमेरिकेत अक्रन गावी १९३५ मध्ये बिल विल्सन आणि डॉक्टर बॉब स्मिथ या दोन पिणाऱ्यांनीच काढली. १९५७ पासून ती भारतात आहे. तिथे फी नाही, नाव-गाव विचारत नाहीत. दारू सोडायची इच्छा एवढीच अट. जवळच्या शहरात अशी सभा भरते. यजमान त्याला मोटारसायकलवरून नेत आणि बाहेर चहा पीत बसत. तिथला मंत्र सोपा आहे. जन्मभराची शपथ नाही, फक्त आजचा दिवस प्यायची नाही. पावसाकडे बघत एकेक दिवस काढणाऱ्या माणदेशी माणसाला हे लगेच पटले.

आणि शेवटचा नियम आत्याबाईंचा. प्यालास तर घरात पाऊल टाकायचे नाही. खोलीत निजायचे आणि सकाळी डॉक्टरकडे जायचे. पण खोली काढून घेणार नाही.

यात्रेची रात्र

या शेवटच्या नियमाची परीक्षा लवकरच झाली. २०१७ च्या चैत्रात यात्रा होती. अण्णा प्याला. रात्री खोलीत येऊन पडला. दीर म्हणाले, "मी म्हटलं नव्हतं?" यजमानही चिडले होते. आत्याबाई दारात गेल्या, आत डोकावल्या, पाण्याची घागर भरलेली आहे ना ते पाहिले आणि परत आल्या. सकाळी कोणी शिवी दिली नाही, कोणी पाठीशीही घातले नाही. नियमाप्रमाणे डॉक्टरकडे नेले. डॉक्टर म्हणाले, "घसरणे हा या आजाराचाच भाग आहे. पाच महिने पाण्यात गेले असे समजू नका. कशाने घसरला ते पाहा."

पाहिले. यात्रेत गावाकडचे लोक भेटले होते. एकाने विचारले होते, "काय रे, बायकोनं हाकललं म्हणं?" त्याच्यावर एकटेपणा नि राग दोन्ही एकदम आले. पुढच्या वर्षी यात्रेच्या दिवशी तो सकाळीच सभेला गेला आणि रात्री पाण्याच्या पाळीवर थांबला. त्या चैत्रानंतर आजवर त्याने दारू घेतलेली नाही.

पुण्यातल्या अकराव्या दिवशी आणि यात्रेच्या रात्री घडले ते एकच. पण अकराव्या दिवशी प्याला तेव्हा सकाळी उठायला फूटपाथ होता. यात्रेनंतर उठला तेव्हा खोली होती. म्हणून एक घसरण वर्षभर लांबली आणि दुसरी एका रात्रीत संपली.

कागद आणि सातबारा

मग कागदांच्या मागे लागलो. आधार कार्ड एकदा काढलेले असले की नंबर कायम असतो. बोटांच्या ठशांवरून ते पुन्हा मिळाले. त्यावर बँकेचे खाते निघाले. वहीतली मजुरी खात्यात गेली.

२०१८ मध्ये अण्णा स्वतःहून म्हणाला, "सातबाऱ्यावर हिचं नाव लावायचं." पुष्कळ वाचकांना लक्ष्मीमुक्तीचा कार्यक्रम आठवत असेल. १९९० च्या सुमारास शेतकरी संघटनेने गावोगाव शेतकऱ्यांना बायकोच्या नावे जमीन करायला सांगितले होते. पुढे नवऱ्याने अर्ज दिला तर सातबाऱ्यावर बायकोचे नाव सहधारक म्हणून लावायची सोय शासनानेही केली. अण्णाने तो अर्ज दिला. आता बायकोच्या सहीवाचून ती जमीन त्याला विकता येत नाही. तलाठ्याकडचा उतारा त्याने माझ्या भाच्याच्या हाती घरी धाडला. स्वतः गेला नाही. वहिनींनी उतारा वाचून घेतला, घडी करून ठेवला आणि एवढेच विचारले, "जेवतात का येळेवर?"

वाट पाहणाऱ्यांसाठी

ज्यांच्या घरातले कोणी असे बाहेर पडले आहे त्यांना मला दोन गोष्टी सांगायच्या आहेत. पहिली, हा आजार आहे आणि कायद्यानेही ते मानले आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यात दारूच्या व्यसनातून येणारे मनाचे आजारही धरले आहेत. १४४४६ हा व्यसनमुक्तीचा सरकारी फोन आहे आणि १४४१६ हा मनाच्या आजारांसाठीचा. दोन्हींना पैसे पडत नाहीत. पुण्यात डॉक्टर अनिता आणि अनिल अवचट यांनी १९८६ मध्ये सुरू केलेले मुक्तांगण महाराष्ट्रभरच्या लोकांना ठाऊक आहे. घरच्या माणसांसाठी अल्-अनॉन नावाच्या वेगळ्या सभा असतात. वहिनींसारख्या बायकांनी तिथे जावे. पिणारा सुटो न सुटो, आपले मन सावरते.

दुसरी गोष्ट अशी. त्याला घरात घ्याच, असे मी म्हणत नाही. लेकराबाळांचा जीव आधी. वहिनींची कडी योग्यच होती. पण घराचे दार आणि फूटपाथ यांच्यामध्ये काहीतरी असावे लागते. कोणाचा तरी गोठा, मोटारीची खोली, देवस्थानची धर्मशाळा, एखाद्या मामाची ओसरी. पैसा देऊ नये, जागा द्यावी. उपदेश कमी करावा, काम द्यावे. आणि नियम असे घालावेत की जे आपल्यालाही पाळता येतील.

२०१९ च्या दसऱ्याला अण्णा माणला परत गेला. घरात नाही. आपल्याच रानात पत्र्याची खोली बांधून राहिला. दिवसभर राबायचा, वहिनी मुलाबरोबर जेवण धाडायच्या. टाळेबंदीत गावोगावचे परतलेले लोक शाळेत कोंडले होते, तेव्हा हा एकटा आपल्या खोलीत निवांत होता. मग एक दिवस डबा यायचा थांबला आणि जेवायला बोलावणे आले. निजायला तो अजून रानातच जातो. दोघांनाही तेच बरे वाटते.

२०२१ च्या भाद्रपदात पाऊस चांगला झाला. वहिनींनी पदराच्या गाठीतून पैसे काढले, अण्णाच्या हातात ठेवले आणि म्हणाल्या, "दहिवडीस्नं बी आना." बाजाराचा दिवस होता. दिवस मावळायच्या आत अण्णा मालदांडीची पिशवी, दुकानाची पावती आणि उरलेले पैसे घेऊन आला. वहिनींनी पैसे त्याच्यासमोर मोजले. मोजले याचा त्याला राग आला नाही. दुसऱ्या दिवशी वाफसा होता. शेजाऱ्याची बैलजोडी मागून आणली. अण्णाने पाभर हाकली आणि वहिनींनी चाड्यावर मूठ धरली.